शिकागो विद्यापीठाचा १९३९चा फुटबॉल मोसम: ८५-० च्या मागचा हिशेब

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे काही निसटलं असेल तर कळेल. मुलाला भेटायला तुम्ही शिकागोला गेलात. विद्यापीठाच्या रॅटनर क्रीडा केंद्रात त्यानं तुम्हाला अमेरिकन कॉलेज फुटबॉलमधली सगळ्यात पहिली हाइजमन ट्रॉफी (वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणारी) दाखवली आणि लगेच सांगितलं, की ही ट्रॉफी आल्यावर चारच वर्षांत याच विद्यापीठानं फुटबॉल बंद करून टाकला, आणि त्या शेवटच्या मोसमात मिशिगननं यांना ८५-० असं झोडपलं. त्यावरून तुम्ही तीन गोष्टी विचारल्या आहेत. लाजेखातर बंद केला का? दुसरा चांगला कोच आणला असता तर संघ वाचला असता का? आणि त्या शेवटच्या संघातल्या मुलांना आपण शेवटचे आहोत हे ठाऊक होतं का?

मी बरीच वर्षं मध्य-पश्चिम अमेरिकेतल्या कॉलेजांच्या क्रीडा विभागांत खेळाडूंची पात्रता तपासण्याचं काम केलं. म्हणजे कोणाला प्रवेश कधी मिळाला, कोणाचे गुण पुरेसे आहेत, कोण अजून किती मोसम खेळू शकतो, हा सगळा कागदी कारभार. त्यामुळे एखादा संघ का बुडाला असं कुणी विचारलं की माझं लक्ष धावफलकाकडे शेवटी जातं. आधी मी दोन कागद मागतो: सामन्यांचं वेळापत्रक आणि संघातल्या मुलांची प्रवेशवर्षं. तुमच्या प्रश्नाचं बरंचसं उत्तर या दोन कागदांत आहे.

एक खुलासा करतो. इथे फुटबॉल म्हणजे अंडाकृती चेंडूचा, शिरस्त्राण घालून खेळायचा अमेरिकन फुटबॉल. टचडाउनला, म्हणजे चेंडू विरोधकाच्या टोकाच्या रेषेपार नेण्याला सहा गुण, त्यानंतरच्या किकला एक. साठ मिनिटांच्या सामन्यात ८५ गुण म्हणजे एक संघ जवळजवळ थांबलाच नाही आणि दुसऱ्याला त्याला थांबवताच आलं नाही.

आता १९३९चं वेळापत्रक. एकूण आठ सामने. सप्टेंबरअखेर विस्कॉन्सिनमधल्या बेलॉइट या छोट्या कॉलेजकडून ६-० हार. मग वॉबॅशवर १२-२ विजय. त्यानंतर ओळीनं हार्वर्ड ६१-०, मिशिगन ८५-०, व्हर्जिनिया ४७-०, ओहायो स्टेट ६१-०. मग ओबरलिनवर २५-० विजय. शेवटी नोव्हेंबरच्या अखेरीस इलिनॉयकडून ४६-०. दोन विजय, सहा पराभव, केलेले गुण ३७, खाल्लेले ३०८.

बहुतेक लेख या ३७ विरुद्ध ३०८ वर येऊन थांबतात. तुम्ही एक करा, या आठ सामन्यांचे दोन ढीग लावा. बेलॉइट, वॉबॅश, ओबरलिन ही छोटी कॉलेजं एकीकडे. हार्वर्ड, मिशिगन, व्हर्जिनिया, ओहायो स्टेट, इलिनॉय ही मोठी विद्यापीठं दुसरीकडे. पहिल्या ढिगात शिकागोचे गुण ३७ आणि विरोधकांचे ८. दुसऱ्या ढिगात शिकागोचे शून्य आणि विरोधकांचे बरोबर ३००. मोसमभरात केलेला प्रत्येक गुण छोट्या कॉलेजांविरुद्धचा आहे. मोठ्यांविरुद्ध पाच सामन्यांत एकही नाही.

माझ्या लेखी १९३९चा सगळा अर्थ यात आला. हा वाईट संघ नव्हता. छोट्या कॉलेजांच्या गटात तो चांगल्यापैकी खपला असता. पण तालुक्याच्या कबड्डी संघाला राष्ट्रीय स्पर्धेच्या मॅटवर उतरवलं तर जे होईल तेच इथे दर आठवड्याला होत होतं. तेव्हा खरा प्रश्न असा, की छोट्या कॉलेजच्या ताकदीचा संघ बिग टेनमध्ये, म्हणजे मध्य-पश्चिमेतल्या मोठ्या विद्यापीठांच्या गटात, काय करत होता?

तो तिथे होता, कारण तो गट उभा करणाऱ्यांपैकीच शिकागो एक होतं. जॉन डी. रॉकफेलरच्या पैशांवर उभ्या राहिलेल्या या विद्यापीठाचे पहिले अध्यक्ष विल्यम रेनी हार्पर यांनी १८९२ मध्ये अमोस अलोन्झो स्टॅग यांना आणलं, तेही नुसता कोच म्हणून नाही, तर प्राध्यापकाच्या दर्जाची कायम नोकरी देऊन. त्या काळात हे कुणी ऐकलंही नव्हतं. नव्या विद्यापीठाचं नाव वर्तमानपत्रांत यावं यासाठी हार्पर यांना फुटबॉल हवा होता, आणि स्टॅगनी तो दिला. बिग टेनची सात विजेतेपदं शिकागोकडे आली: १८९९, १९०५, १९०७, १९०८, १९१३, १९२२ आणि १९२४. १९०५ मध्ये त्यांनी मिशिगनला २-० नं हरवलं आणि मिशिगनची ५६ सामन्यांची अपराजित मालिका तोडली. आज व्यावसायिक शिकागो बेअर्स संघाला लावलं जाणारं ‘मॉन्स्टर्स ऑफ द मिडवे’ हे बिरुदही मुळात या विद्यापीठाच्या संघाचं. मिडवे म्हणजे विद्यापीठालगतचा तो लांबलचक हिरवा पट्टा. तुम्ही तिथून चाललाच असाल.

आता दुसरा कागद, प्रवेशवर्षांचा. बिग टेनचा तेव्हाचा नियम असा, की पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला मुख्य संघात खेळता येत नसे. त्यानंतर तीन मोसम. म्हणजे १९३९ मध्ये मैदानावर उतरलेली मुलं साधारण १९३६, ३७ आणि ३८ मध्ये प्रवेश घेतलेली. १९३९चा मोसम बिघडला तो त्या तीन वर्षांत. कोचनं १९३९च्या उन्हाळ्यात कितीही घाम गाळला असता तरी तेव्हा नवा माणूस आणायचं दार बंद झालेलं होतं. हे मी कॉलेजातल्या लोकांना अनेकदा समजावलं आहे आणि दर वेळी कुणीतरी म्हणतं, ‘पण यंदा सराव कमी पडला.’ असेल पडला. पण सराव यंदाचा असतो, संघ तीन वर्षांपूर्वीचा असतो.

मग त्या तीन वर्षांत शिकागोच्या दारातून कोण आत येत होतं? रॉबर्ट मेनार्ड हचिन्स १९२९ मध्ये, अवघ्या तिसाव्या वर्षी, विद्यापीठाचे अध्यक्ष झाले. १९३१ पासून त्यांच्या काळात पदवीचा नवा अभ्यासक्रम आला: वर्गात हजेरीची सक्ती नाही, पण शेवटी एक भलीमोठी सर्वसमावेशक परीक्षा. ती पास झालात तर झालात. वर्षभर वर्गात बसल्याचे, तोंडओळखीचे गुण नाहीत. शिवाय शारीरिक शिक्षणात पदवी घेण्याची सोय शिकागोत नव्हती. आजूबाजूच्या सरकारी विद्यापीठांत ती होती, त्याच्या जोडीला शेतकी, वाणिज्य असं बरंच काही होतं. दणकट, वेगवान, पण पुस्तकात फारसं मन नसलेल्या अठरा वर्षांच्या मुलानं शिकागोचा अर्ज का भरावा? आणि भरलाच, तर दुसऱ्या वर्षी तो पात्र राहील याची हमी काय? विद्यापीठातली निम्म्याच्या आसपास मंडळी पदव्युत्तर. त्यांना पदवीच्या संघात स्थान नाही. म्हणजे निवड करायची ती आधीच छोट्या, आणि वर परीक्षेच्या धाकात असलेल्या गटातून.

त्यात तेव्हाचा बदली खेळाडूंचा नियम. आज अमेरिकन फुटबॉलमध्ये आक्रमणाचे अकरा वेगळे आणि बचावाचे अकरा वेगळे, वर खास कामांसाठी आणखी. १९३९ मध्ये तसं नव्हतं. एकदा बाहेर गेलेला खेळाडू त्याच पावभागात (सामन्याच्या चार भागांपैकी त्याच भागात) परत येऊ शकत नसे. मुक्त बदलीची मुभा आली १९४१ मध्ये. त्यामुळे तीच अकरा मुलं आक्रमणही करायची आणि बचावही. मिशिगनसारख्या संघाकडे बाकावर दुसरे अकरा, तिसरे अकरा ताजेतवाने बसलेले असत, आणि पावभाग संपला की अख्खी फळी बदलता येई. शिकागोकडे ती सोय नाही. पहिल्या पावभागात शिकागोची मुलं फार वाईट खेळली असं आपण धरायला नको; तिसऱ्यापर्यंत त्यांचे पाय उचलत नसणार. ६१, ८५, ४७, ६१ असे आकडे कौशल्याच्या फरकानं एकट्यानं होत नाहीत. त्याला दम संपलेली माणसं लागतात.

मिशिगनशी झालेल्या सामन्यांचा क्रम पाहिला तर ही घसरण किती झपाट्यानं झाली ते कळतं. १९३४ मध्ये शिकागोनं मिशिगनला २७-० नं हरवलं होतं. (पुढे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष झालेले जेराल्ड फोर्ड तेव्हा मिशिगनकडून खेळत होते. शिकागोचा सर्वोत्तम खेळाडू ‘जे’ बरवँगर याला अडवताना गालावर झालेल्या जखमेची खूण त्यांनी जन्मभर मिरवली.) १९३७ मध्ये मिशिगन कसंबसं १३-१२ नं जिंकलं. १९३८ मध्ये ४५-७. आणि १९३९ मध्ये ८५-०. पाच वर्षांत पारडं पार उलटं. १९३९च्या मिशिगनचे कोच फ्रिट्झ क्रिसलर हे स्वतः शिकागोचे, स्टॅगच्याच हाताखाली तयार झालेले. आपल्या जुन्या मैदानावर त्यांनी हा निकाल पाहिला. त्यात त्यांचा आनंद किती आणि संकोच किती, याचा अंदाज तुमचा तुम्ही करा.

तुम्ही पाहिलेली ती ट्रॉफी बरवँगरची, १९३५ची. तेव्हा तिला हाइजमन हे नावही नव्हतं. ते पुढच्या वर्षी, जॉन हाइजमन वारल्यावर दिलं गेलं. १९३६ मध्ये व्यावसायिक लीगनं पहिल्यांदाच कॉलेज खेळाडूंची निवडयादी काढली, तिच्यातही पहिलं नाव बरवँगरचंच. पण तो व्यावसायिक फुटबॉल कधी खेळलाच नाही. माझ्या दृष्टीनं यापेक्षा बोलका आकडा दुसरा आहे. बरवँगर मुख्य संघात होता त्या तीन मोसमांत शिकागोनं ११ सामने जिंकले, ११ हरले आणि २ बरोबरीत सोडवले. देशातला सर्वोत्तम खेळाडू संघात असताना ही अवस्था. ट्रॉफी पाहून माणसाला वाटतं, की १९३५ मध्ये हे शिखरावर होते आणि चार वर्षांत कोसळले. प्रत्यक्षात १९२४ नंतर एकही विजेतेपद नव्हतं, आणि एका विलक्षण मुलानं तीन वर्षं तो उतार झाकून ठेवला. तो पदवी घेऊन बाहेर पडल्यावर १९३७ आणि १९३८ या दोन मोसमांत शिकागोला बिग टेनमध्ये एकही सामना जिंकता आला नाही.

आता कोचचा प्रश्न. इथे इतिहासानं आपल्याला असा पुरावा दिला आहे, जो माझ्या धंद्यात सहसा मिळत नाही. स्टॅग सत्तरीला पोचले तेव्हा, १९३२च्या मोसमानंतर, विद्यापीठानं त्यांना निवृत्त केलं. त्यांना ते पटलं नाही. ते कॅलिफोर्नियात कॉलेज ऑफ द पॅसिफिकमध्ये जाऊन पुढे चौदा वर्षं कोचिंग करत राहिले. शिकागोत त्यांच्या जागी आले क्लार्क शॉनेसी. १९३९चे ते ३०८ गुण यांच्याच नावावर जमा आहेत. फुटबॉल बंद झाल्यावर शॉनेसी १९४० मध्ये स्टॅनफर्डला गेले. आदल्या वर्षी स्टॅनफर्डनं एकच सामना जिंकला होता आणि सात हरले होते. शॉनेसींनी तिथे ‘टी फॉर्मेशन’ नावाची, चेंडू नेमका कोणाकडे आहे हे विरोधकाला कळू न देणारी रचना लावली. स्टॅनफर्ड दहाच्या दहा सामने जिंकलं. १ जानेवारी १९४१च्या रोझ बोल या मोसमाअखेरच्या मानाच्या सामन्यात त्यांनी नेब्रास्काला २१-१३ नं हरवलं. शिकागोत असतानाच शॉनेसी शहरातल्या बेअर्स संघालाही या रचनेबद्दल सल्ला देत होते. त्या बेअर्सनी डिसेंबर १९४० मध्ये व्यावसायिक अजिंक्यपदाच्या सामन्यात वॉशिंग्टनला ७३-० नं लोळवलं.

माणूस तोच, डोकं तेच, वर्ष फक्त एक पुढचं. बदलली ती हाताखालची मुलं. त्यामुळे ‘दुसरा कोच आणला असता तर?’ याला माझं उत्तर सरळसरळ ‘नाही’ हेच आहे. त्या काळातल्या सगळ्यात कल्पक कोचांपैकी एक शिकागोकडे होता, आणि तरीही मोठ्या संघांविरुद्ध शून्य गुण. अर्थात रचना कितीही हुशार असली तरी ती राबवायला अमुक इतक्या वेगाची, अमुक इतक्या वजनाची माणसं लागतात. स्टॅनफर्डमध्ये ती आधीपासून होती, फक्त चुकीच्या पद्धतीनं वापरली जात होती. प्रत्येक बुडत्या संघाला हा निष्कर्ष लावू नका. कित्येक ठिकाणी कोच बदलल्यानं खरंच फरक पडतो. पण तो तिथे पडतो, जिथे प्रवेशाचं दार उघडं असतं.

मग लाजेखातर बंद केला का? तारखांचा क्रम पाहा. डिसेंबर १९३८ मध्ये, म्हणजे ८५-० च्या दहा महिने आधी, हचिन्स यांनी ‘सॅटरडे ईव्हनिंग पोस्ट’ या देशभर खपणाऱ्या साप्ताहिकात कॉलेज फुटबॉलवर एक कडक लेख लिहिला. त्यांचा रोख तिकिटांच्या पैशावर होता. पैसा हा रोग आहे, तेव्हा तिकीट दहा सेंट करा, कोचना प्राध्यापकांसारखी नोकरीची शाश्वती द्या म्हणजे जिंकण्याचा दबाव जाईल, अशा त्यांच्या सूचना होत्या. त्याच्याही आधी, १९२९ मध्ये, कार्नेगी फाउंडेशनचा कॉलेज क्रीडांवरचा मोठा अहवाल आला होता. खेळाडू मिळवायला कॉलेजं कशा वाटा काढतात, कुठून पैसे पुरवतात, हे त्यात उघड झालं होतं. म्हणजे हचिन्स यांचं मत पराभवानं बनलेलं नव्हतं. पराभवानं बनलं ते विश्वस्तांचं. त्यांच्यातले काही माजी विद्यार्थी स्टॅगच्या काळातल्या आठवणींवर वाढलेले. फुटबॉलविना शिकागो त्यांना कल्पवतही नसणार. ६१, ८५, ४७, ६१ पाहिल्यावर विरोध करायला त्यांच्याकडे मुद्दा उरला नाही. २१ डिसेंबर १९३९ रोजी विश्वस्तांनी निर्णय जाहीर केला, आणि जानेवारीत हचिन्स यांनी विद्यार्थ्यांसमोर त्याची कारणं मांडली.

थोडक्यात, लाज हे कारण नव्हे, ती संधी होती. कारण मी वर सांगितलं ते, प्रवेशाचा दरवाजा आणि गट यांचा मेळ नसणं. विद्यापीठापुढे तीन वाटा होत्या. पहिली, इतरांसारखं खेळाडूंसाठी वेगळं दार उघडायचं. सोपे अभ्यासक्रम, पैशांची मदत. हचिन्स यांना हे कधीच मान्य नव्हतं, आणि मला वाटतं ते बरोबर होते. दुसरी, आहे त्या मुलांसह आहे त्या गटात मार खात राहायचं. तिसरी, गट बदलायचा. बिग टेनमधून फुटबॉल काढून घ्यायचा आणि बेलॉइट, वॉबॅश, ओबरलिन यांच्याशी खेळायचं. ३७-८ हा आकडा सांगतो, की ही वाट शक्य होती.

इथे माझं आणि हचिन्स यांचं पटत नाही. त्यांनी निदान अचूक केलं, पण इलाज म्हणून थेट अवयवच काढून टाकला. तिसरी वाट त्यांना क्षुल्लक वाटली असावी. जो संघ कधीकाळी मिशिगनची मालिका तोडतो, त्यानं सुमारे पन्नास हजारांच्या स्टेडियममध्ये मूठभर लोकांसमोर ओबरलिनशी खेळावं, हे अध्यक्षांपेक्षा माजी विद्यार्थ्यांनाच जास्त झोंबलं असतं. आणि शहरात तोवर दुसरी आकर्षणं होती. उत्तरेला रिगली फील्डवर बेअर्स, दक्षिणेला कार्डिनल्स हा दुसरा व्यावसायिक संघ, जवळच नॉर्थवेस्टर्न आणि नोत्र दाम या विद्यापीठांचे संघ. शनिवार-रविवार फुटबॉल बघायला लोकांना विद्यापीठाच्या स्टॅग फील्ड या मैदानावर येण्याची गरज उरली नव्हती. म्हणजे तिसऱ्या वाटेनं पैसा आला नसता. पण हचिन्स तर पैसाच नको म्हणत होते! तेव्हा त्यांच्याच तर्कानं पाहिलं तरी ती वाट बंद करायचं कारण नव्हतं, असं मला वाटतं. यावर दुमत असू शकतं. तेव्हा बिग टेनमध्ये राहून एकाच खेळापुरतं वेगळं होणं आजच्याइतकं सोपं नव्हतं, हे मान्य. पण झालं ते बघा: फुटबॉल बंद केल्यावरही शिकागो इतर खेळांसाठी बिग टेनमध्ये राहिलं आणि १९४६ मध्ये रीतसर बाहेर पडलं. म्हणजे एका खेळापुरती वेगळी व्यवस्था त्यांनी सहा वर्षं चालवूनच दाखवली.

तुमच्या तिसऱ्या प्रश्नावर येतो, मुलांना माहीत होतं का? अधिकृतपणे नाही. शेवटचा सामना नोव्हेंबरमध्ये झाला, निर्णय डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात आला. त्यांनी ‘हा आमचा निरोपाचा सामना’ म्हणून काही खेळलं नाही. पण अध्यक्षांचा लेख वर्षभरापूर्वी साऱ्या देशानं वाचला होता, आणि आपण कुठल्या दिशेनं चाललो आहोत हे मैदानावरच्या माणसाला सर्वांत आधी कळतं.

त्या मुलांबद्दल काही सांगायचं असेल तर मी ओबरलिनचा सामना सांगतो. त्याआधीचे चार सामने ६१, ८५, ४७, ६१, म्हणजे मिळून २५४-०. महिनाभरात अडीचशे गुण खाऊन, स्वतः एकही न करता, त्यानंतरच्या शनिवारी मैदानात उतरायचं आणि २५-० नं जिंकायचं. बंद पडणाऱ्या संघांबरोबर मी काम केलं आहे. शेवटच्या मोसमात साधारण काय होतं ते सांगतो: चांगली मुलं मोसमाच्या मध्यावर दुसऱ्या कॉलेजची चौकशी करू लागतात, सरावाला गळती लागते, किरकोळ दुखापती अचानक मोठ्या होतात. हे चूक आहे असं मी म्हणत नाही, ज्यानं त्यानं आपलं भविष्य बघावं. पण अशा संघाचा धावफलक ओळखता येतो. तो सोप्या सामन्यांतही ढासळलेला असतो. शिकागोचा तसा नाही. सोप्या सामन्यांत त्यांचा बचाव शेवटपर्यंत घट्ट राहिला. बेलॉइट, वॉबॅश, ओबरलिन मिळून आठ गुण. शिवाय त्या मुलांकडे खेळण्यासाठी मिळणारा पैसा नव्हता, व्यावसायिक खेळाची आशा नव्हती, आणि सोमवारी परत त्याच परीक्षांचा अभ्यास होता.

मैदानाचं पुढे काय झालं ते तुम्हाला बहुधा माहीत असेल. रिकाम्या स्टॅग फील्डच्या पश्चिमेकडच्या प्रेक्षागाराखाली एक बंदिस्त स्क्वॉश कोर्ट होतं. तिथे २ डिसेंबर १९४२ रोजी एनरिको फर्मी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पहिली स्वयंपूर्ण अणुसाखळी प्रक्रिया घडवली. ते प्रेक्षागार १९५७ मध्ये पाडलं. त्या जागेवर पुढे रेजेनस्टाइन ग्रंथालय उभं राहिलं, १९७० मध्ये ते उघडलं. दक्षिण आशियाई पुस्तकांचा तिथला संग्रह मोठा आहे, आणि आपण घरबसल्या संगणकावर मोल्सवर्थचा मराठी कोश उघडतो तोही याच विद्यापीठाच्या दक्षिण आशियाई संकेतस्थळावरून. तुमचा मुलगा रेजेनस्टाइनमध्ये अभ्यासाला बसत असेल तर तो जुन्या फुटबॉल मैदानावरच बसतो.

आणि फुटबॉल परतही आला, हे मुलानं सांगितलं नसावं. १९६३ मध्ये संघ पुन्हा खेळू लागला तेव्हा काही विद्यार्थ्यांनी मैदानावर ठिय्या देऊन विरोध केला; फुटबॉल आला की अभ्यास जाईल ही हचिन्स यांची भीती त्यांच्यात मुरली होती. तरी १९६९ मध्ये तो विद्यापीठाचा अधिकृत संघ झाला. आज तो कॉलेज खेळांच्या तिसऱ्या विभागात खेळतो, जिथे खेळासाठी शिष्यवृत्ती देताच येत नाही, आणि २०१७ पासून मिडवेस्ट कॉन्फरन्स या गटात आहे. त्याच कॉन्फरन्समध्ये बेलॉइट आहे. म्हणजे तिसरी वाट विद्यापीठानं शेवटी धरलीच, फक्त तीस वर्षं उशिरा.

एक इशारा मात्र देतो, कारण तुमच्या प्रश्नाच्या शेवटी ‘म्हणजे हरणारे संघ बंद पडतात’ असा सूर होता. तसं नेहमी नसतं. अलाबामा विद्यापीठाच्या बर्मिंगहॅम शाखेनं २०१४ मध्ये फुटबॉल बंद केला तेव्हा संघाचे सहा विजय, सहा पराभव होते. कारण पैसा होतं. लोक खवळले, पैसे उभे राहिले, २०१५ मध्ये निर्णय फिरला आणि २०१७ पासून संघ पुन्हा मैदानात आला. स्टॅग शिकागोहून ज्या पॅसिफिकमध्ये गेले, त्या विद्यापीठानंही १९९५च्या मोसमानंतर फुटबॉल बंद केला, तोही खर्च झेपेना म्हणून. अशा ठिकाणी प्रवेशवर्षांचा कागद काही सांगणार नाही. तिथे जमाखर्चाचा कागद मागावा लागतो.

पुढच्या वेळी शरद ऋतूत गेलात आणि शनिवारी घरच्या मैदानावर सामना असेल, तर मुलाबरोबर जरूर जा. हल्लीचं मैदान जुन्या जागी नाही, थोडं वायव्येला आहे, पण नाव स्टॅग फील्डच आहे. थंडीचे कपडे मात्र आपल्या अंदाजापेक्षा एक थर जास्त घ्या. ऑक्टोबरच्या अखेरीस तिथला वारा तुम्हाला दुसऱ्या पावभागापर्यंतही बसू देणार नाही.